'कच्चा लिंबू' कोणी ठरवायचा?

मुले आणि व्हिडिओ गेम हा विषय निघाला, की पालकांचा पहिला प्रश्न ठरलेला असतो : रोज किती वेळ खेळू द्यायचे? प्रश्न चुकीचा नाही, पण अपुरा आहे. तासभर पत्ते कुटणे आणि तासभर मातीचा किल्ला करणे यांत घड्याळाला फरक कळत नाही. मुलाच्या डोक्यात चाललेल्या कामात मात्र बराच फरक असतो. आता हा फरक एकाच खेळाच्या पोटात येऊन बसला आहे आणि एक कळ दाबून मूल इकडून तिकडे जाऊ शकते. म्हणून 'किती वेळ?' याच्या जोडीला 'कोणत्या मोडमध्ये?' हेही विचारायला हवे.

याचे सर्वांत ठळक उदाहरण म्हणजे 'माइनक्राफ्ट'. स्वीडनमधील 'मोजँग' या कंपनीने 18 नोव्हेंबर 2011 रोजी या खेळाची पूर्ण आवृत्ती आणली. 2014 मध्ये 'मायक्रोसॉफ्ट'ने ही कंपनी 250 कोटी डॉलरला विकत घेतली आणि 2023 पर्यंत खेळाच्या 30 कोटींहून अधिक प्रती विकल्या गेल्या. माती, दगड, लाकूड अशा चौकोनी ठोकळ्यांचे हे अफाट जग आहे. ठोकळे फोडायचे, गोळा करायचे आणि त्यांतून हवे ते उभारायचे. अमुकच वाटेने जा, असे खेळ सांगत नाही.

या जगात राहण्याच्या पद्धती मात्र निरनिराळ्या आहेत. 'सर्व्हायव्हल' मोडमध्ये सगळे कष्टाने मिळवावे लागते. पडद्यावर प्राणांची दहा बदामे आणि भुकेची दहा चिन्हे दिसतात. खेळातला पूर्ण दिवस आपल्या घड्याळाच्या 20 मिनिटांचा असतो. अंधार पडला की झॉम्बी आणि इतर शत्रू बाहेर पडतात. खेळाडू मेला तर तो पुन्हा जिवंत होतो, पण जवळचे सामान मेल्या जागी सांडते. लाव्हारसात पडून मेला, तर बहुतेक सामान जळूनच जाते. 'क्रिएटिव्ह' मोडमध्ये यातले काहीच नाही. सर्व ठोकळे हवे तितके मिळतात, भूक लागत नाही, हवेत उडता येते. 'हार्डकोअर'मध्ये याउलट एकदा मेला की संपले. त्यानंतर ते जग फक्त प्रेक्षक म्हणून पाहता येते.

परवानगी असलेल्या जगात सर्व्हायव्हलमधून क्रिएटिव्हमध्ये जायला एक छोटी आज्ञा टंकली की पुरते. दहा दिवस खपून जमवलेले हिरे लाव्हारसात गेले? क्रिएटिव्हमध्ये जा, तेवढे हिरे घ्या, परत या. पाहणाऱ्याला कळतही नाही. मोबाइल आणि कन्सोलवर चालणाऱ्या 'बेडरॉक' आवृत्तीत त्याची किंमत आहे : त्या जगात यापुढे 'अचीव्हमेंट' मिळणार नाहीत, अशी सूचना खेळ आधीच देतो. तरीही मुले बदल करतात, आणि मग भावंडांत भांडण लागते : 'ही चीटिंग आहे!' तक्रार आईबाबांपर्यंत येते, तेव्हा नेमके काय झाले हे त्यांना समजलेले नसते.

वास्तविक ही गोष्ट मराठी घरांना अनोळखी नाही. लंगडी, लपाछपीत लहानग्याला 'कच्चा लिंबू' करून घेण्याची पद्धत जुनी आहे. तो खेळतो, धावतो, पण त्याच्यावर राज्य येत नाही. चप्पल तुटली, धाप लागली तर 'टाइम प्लीज' म्हणून खेळाबाहेर उभे राहता येते. नियम सैल करण्याची ही व्यवस्था मुलांनी स्वतःच घडवली आणि तिला कोणी फसवणूक म्हटले नाही. याचे कारण सोपे आहे. कच्चा लिंबू कोण, हे सर्वांसमोर ठरत असे. तो किती दिवस कच्चा राहणार, हेही खेळगडीच ठरवत. पडद्यावरच्या खेळात हा निर्णय नऊ-दहा वर्षांच्या मुलावर एकट्यावर येऊन पडतो. नियम कधी सैल करायचा, का करायचा आणि पुन्हा कधी आवळायचा, हे त्याचे त्यालाच ठरवायचे असते.

हा निर्णय घेता येणे हे कौशल्य आहे, असे आमचे म्हणणे आहे. मानसशास्त्रही त्याला आधार देते. एडवर्ड डेसी आणि रिचर्ड रायन यांच्या सिद्धांतानुसार माणसाला आतून उमेद वाटण्यासाठी तीन गोष्टी लागतात : निवडीचे स्वातंत्र्य, आपल्याला जमते आहे ही जाणीव आणि इतरांशी नाते. रायन आणि सहकाऱ्यांनी 2006 मध्ये हीच मोजपट्टी व्हिडिओ गेमना लावली, तेव्हा स्वातंत्र्य आणि जमण्याची जाणीव यांचा खेळातल्या आनंदाशी संबंध दिसून आला. मिहाय चिकसेंटमिहाय यांनी तल्लीनतेचा अभ्यास करताना दुसरी बाजू मांडली. आव्हान कुवतीपेक्षा फार मोठे असेल तर माणूस धास्तावतो, फार छोटे असेल तर कंटाळतो. मोड बदलणारे मूल पुष्कळदा हेच करत असते : आव्हान आपल्या मापाचे करून घेते.

अमेरिकेतील आयोवा स्टेट विद्यापीठाचा 2019 मध्ये प्रसिद्ध झालेला एक प्रयोग येथे बोलका आहे. सहभागींपैकी काहींना माइनक्राफ्ट मनाप्रमाणे खेळू दिले, काहींना 'शक्य तितके सर्जनशील खेळा' असे सांगून खेळायला बसवले. इतरांनी मोटार शर्यतीचा गेम खेळला किंवा टीव्हीवरील कार्यक्रम पाहिला. नंतर सर्वांना सर्जनशीलतेची कामे दिली. सरस ठरले ते मोकळेपणाने खेळलेले. सर्जनशील व्हा, असे बजावलेल्यांना तो लाभ झाला नाही. हा एकच प्रयोग आहे, तोही प्रौढ विद्यार्थ्यांवरचा. त्यावरून मोठे निष्कर्ष काढू नयेत. पण मुलाच्या खांद्यामागे उभे राहून 'काहीतरी चांगले बांध' असे सांगणाऱ्यांनी तो लक्षात ठेवायला हरकत नाही.

म्हणजे सगळे बदल सारखेच चांगले का? नाही. बदलामागचे कारण पाहायला हवे. रायगडाचा महादरवाजा उभारायचा आहे, त्यासाठी हजारो दगड खणत बसण्यात अर्थ नाही म्हणून क्रिएटिव्हमध्ये गेलेले मूल कामाचा विचार करते आहे. दिवसभर शाळा-शिकवणीने थकून आलेले मूल शत्रू नकोत म्हणून तिकडे जात असेल, तर तेही समजण्यासारखे आहे. मात्र प्रत्येक छोट्या नुकसानीनंतर मूल तिकडे पळत असेल, तर हातचे गेले ही भावना सोसून पुन्हा उभे राहण्याचा सराव त्याला होत नाही. खेळातली हार ही स्वस्तात मिळणारी हार असते. ती प्रत्येक वेळी पुसून टाकली, तर मूल एक चांगली संधी गमावते.

मुलाचे स्वतःचे नुकसानही यात आहे. मायकेल नॉर्टन, डॅनियल मोचॉन आणि डॅन अरिएली यांनी 2012 मध्ये दाखवून दिले, की स्वतःच्या हातांनी जोडलेल्या वस्तूला माणूस जास्त मोल देतो. ती वस्तू अर्धवट राहिली किंवा बनवून मोडून टाकली, तर हे जास्तीचे मोल उरत नाही. सर्व्हायव्हलमधली वेडीवाकडी दगडी खोली मुलाला प्रिय असते, कारण तिच्यामागे एक भीतीची रात्र असते. हिरे फुकट मिळू लागले की हिऱ्यांचे अप्रूप जाते, आणि मागोमाग त्या जगाचेही. हे उपदेशाने पटत नाही. एकदा अनुभवले की कळते. म्हणून एकट्याच्या जगात मुलाने हा प्रयोग केला, तर 'चीटिंग' म्हणून त्याला रागावू नये. तेथे फसवले जाणारे कोणी नसते.

सामायिक जगाची गोष्ट वेगळी. चार मित्र सर्व्हायव्हल खेळत असताना एकाने गुपचूप क्रिएटिव्हमध्ये जाऊन सामान आणले, तर ते इतरांच्या कष्टांचे मोल उतरवणे आहे. यात दोष मोडचा नसून लपवण्याचा आहे. तोच मुलगा 'मी तट बांधायला क्रिएटिव्हमध्ये जाऊ का?' असे विचारून गेला, तर खेळ बिघडत नाही. संमतीने नियम बदलणे आणि चोरून नियम मोडणे यांतला फरक शिकवायला यापेक्षा सोपा धडा सापडणार नाही.

आता आरोग्याचा मुद्दा. जागतिक आरोग्य संघटनेच्या 1 जानेवारी 2022 पासून लागू झालेल्या आजारांच्या वर्गीकरणात 'गेमिंग डिसऑर्डर'चा समावेश आहे. त्याची लक्षणे तीन : खेळण्यावर ताबा न राहणे, इतर सर्व गोष्टींपेक्षा खेळाला वरचे स्थान मिळणे आणि नुकसान दिसत असूनही खेळणे चालू राहणे किंवा वाढणे. शिवाय त्यामुळे घर, शाळा, मैत्री यांत ठळक बिघाड दिसावा लागतो आणि सर्वसाधारणपणे हे 12 महिने टिकलेले असावे लागते. यात तासांची संख्या नाही. झोप उडाली, जेवण टळू लागले, मित्र सुटले, खेळ बंद करताना रोज आकांत होऊ लागला, तर वर्षभर वाट न पाहता मानसोपचारतज्ज्ञ किंवा बालरोगतज्ज्ञांना भेटावे. बंगळूरुच्या 'निम्हान्स'मध्ये 2014 पासून तंत्रज्ञानाच्या अतिवापरावर स्वतंत्र उपचार केंद्र चालते.

रोजच्या कटकटीवर मात्र मोडची माहिती उपयोगी पडते. सर्व्हायव्हलमध्ये मूल गुहेत अडकलेले असताना 'आत्ताच्या आत्ता बंद कर' म्हटले, की तंटा होणारच. त्याऐवजी खेळातले दिवस मोजावेत : दोन दिवस म्हणजे 40 मिनिटे. दुसरी सकाळ उजाडली, की घरी जायचे, सामान पेटीत ठेवायचे, सेव्ह करून बाहेर पडायचे. क्रिएटिव्हमध्ये दिवस-रात्रीचा धाक नसल्याने वेळेचे भान लवकर सुटते. तेथे कामाची हद्द आधी ठरवावी : आज फक्त बुरूज. मित्रांच्या जगात खेळताना थांबण्याची वेळ मित्रांनाही आधी सांगून ठेवावी, म्हणजे मध्येच उठणे अपमानाचे वाटत नाही.

शेवटी मोठ्यांसाठी एक प्रश्न. दिवाळीत मातीचा किल्ला करायला हात मळतात म्हणून अनेक घरांत तयार किल्ला विकत येतो. शाळेच्या प्रकल्पाचे पुठ्ठे रात्री अकरा वाजता आईबाबा कापत बसतात. मुलाला गुण मिळावेत, त्रास होऊ नये, हा हेतू चांगला असतो. पण मुलाने न मागताच आपण त्याला क्रिएटिव्ह मोडमध्ये नेऊन ठेवतो, आणि पडद्यावर त्याने स्वतः तो मोड निवडला, की त्याला लबाडी म्हणतो. कधी कष्ट सोसायचे आणि कधी सवलत घ्यायची, हे ठरवण्याचा सराव मुलाला कुठेतरी मिळालाच पाहिजे. आज संध्याकाळी 'किती वेळ झाला?' असे विचारण्याआधी 'मोड का बदललास?' असे विचारून पाहावे. उत्तर बहुधा लांबलचक मिळेल. ते पूर्ण ऐकून घ्यावे.