अकरावा कोठा



आज ज्या नगराविषयी लिहावयाचे आहे, ते कोणत्याही नकाशावर नाही. त्याला सातबारा नाही, आणि एका जागी ते कधी राहिलेही नाही. तीर्थंकर भगवंतांना केवलज्ञान झाले की इंद्राच्या आज्ञेने कुबेर ते उभारतो. भगवंतांचा विहार सुरू झाला की ते तेथून मावळते आणि पुढील स्थानी पुन्हा प्रकट होते. समवसरण हा शब्द आपल्या घराघरांत परिचित आहे. मंदिराच्या भिंतीवरील वर्तुळाकार चित्रही आपण लहानपणापासून पाहत आलो. परंतु फार भरभर पाहत आलो, असे मला आता वाटते.

आचार्य जिनसेनांच्या आदिपुराणातील बाविसावे पर्व सावकाश वाचून पाहावे. तळ इंद्रनील मण्याचा, वर्तुळाकार. त्याच्या सभोवार धूलिसाल, म्हणजे रत्नांच्या चूर्णाचा कोट. तो एका रंगाचा नाही. कोठे काजळासारखा काळा, कोठे सोन्यासारखा पिवळा, कोठे पोवळ्यासारखा लाल. या रंगांचे किरण एकमेकांत मिसळून आकाशात इंद्रधनुष्य उमटते. पुढे चार दिशांना चार मानस्तंभ, मग पाण्याची खातिका, लतावने, उपवने, ध्वजांची भूमी, कल्पवृक्ष, नाट्यशाळा. सर्वांत आतला कोट मात्र निर्मळ स्फटिकाचा. बाहेर सगळे रंग आणि आत केवळ पारदर्शकता, ही रचना मला विलक्षण वाटते. भगवंतांच्या भामंडलाच्या तेजाने तेथे दिवस आणि रात्र असा भेद उरत नाही.

हे सारे वाचण्याची वेळ माझ्यावर आली ती काहीशी व्यावहारिक कारणाने. आमच्या गावी पंचकल्याणक महोत्सव झाला, त्या वेळी आसनव्यवस्था माझ्याकडे सोपविली होती. निवृत्त बँक अधिकारी म्हटला की हिशेब आणि पासेस त्याच्या गळ्यात पडतात. मी तीन रंगांचे पास छापून घेतले. मोठ्या बोलीचे मानकरी सोफ्यावर, मधल्या देणगीदारांना खुर्च्या, इतरांना बांबूच्या कठड्यामागे सतरंजी. केवलज्ञान कल्याणकाच्या दिवशी समवसरणाची रचना खरोखर सुंदर झाली होती. दिव्यांचे रंग पालटत होते, कमानी फिरत होत्या. कठड्याशी एका आडत दुकानाचे वृद्ध दिवाणजी उभे होते. चाळीस वर्षे ज्यांनी परक्याच्या पेढीचा पैसा न् पैसा सांभाळला, त्यांच्या हाती पिवळा पास. मला पाहून ते नम्रपणे म्हणाले, “साहेब, आत भगवंत कोणत्या बाजूस आहेत, एवढं सांगता का? इथून सोफेच दिसतात.”

त्या प्रश्नात तक्रार नव्हती. म्हणूनच तो मला झोंबला.

घरी येऊन मी तिलोयपण्णत्ती काढली. सोलापूरच्या जीवराज जैन ग्रंथमालेने हा प्राकृत ग्रंथ 1943 आणि 1951 मध्ये दोन भागांत प्रकाशित केला. त्याचे संपादन डॉ. आ. ने. उपाध्ये व डॉ. हिरालाल जैन यांनी केले. आमच्यासारख्या आकड्यांच्या माणसाला हा ग्रंथ फार जवळचा वाटावा. भगवान ऋषभदेवांचे समवसरण 12 योजने. पुढे प्रत्येक तीर्थंकरांचे अर्ध्या योजनेने कमी होत नेमिनाथांचे दीड, पार्श्वनाथांचे सव्वा आणि महावीरांचे 1 योजन. पायऱ्या 20,000, प्रत्येक एक हात उंचीची. आणि इतके मोजमाप दिल्यावर ग्रंथकार सांगतात की बालक असो वा वृद्ध, अंतर्मुहूर्तात आत जाऊन बाहेर येऊ शकतो. जागेच्या मानाने जीव कितीतरी अधिक, तरी कोणाचा कोणाला स्पर्श होत नाही. गुडघेदुखीने मंदिराच्या पायरीशी थांबणाऱ्या आपल्या आजींनी हे अवश्य ऐकावे.

मी शोधत होतो ती आसनव्यवस्था. मध्यभागी गंधकुटी, सभोवार बारा कोठे. पहिल्यात गणधर व मुनी, तिसऱ्यात आर्यिका व श्राविका, बाराव्यात पशुपक्षी. सिंह आणि हरीण एकाच कोठ्यात. अकरावा कोठा मनुष्यांचा. त्यात चक्रवर्ती आहे, मांडलिक राजे आहेत आणि इतर सर्व माणसे आहेत. चक्रवर्तीसाठी निराळा कोठा नाही. भगवंतांचे मुख चारही दिशांना दिसते, त्यामुळे मागची बाजू अशी कोणाच्याच वाट्याला येत नाही.

याच नगराची दुसरी एक गोष्ट आपण विसरतो. महावीर भगवंतांना केवलज्ञान झाल्यावर समवसरण रचले गेले, सर्व वैभव सज्ज होते, परंतु 66 दिवस दिव्यध्वनी खिरला नाही, कारण गणधर नव्हता. अखेर राजगृहीच्या विपुलाचलावर इंद्रभूती गौतम आले ते वादात जिंकण्याच्या ईर्षेने. मानस्तंभ पाहताच त्यांचा मान गळून पडला. मग दिव्यध्वनी झाला. आपल्या पंचांगाप्रमाणे तो दिवस आषाढ वद्य प्रतिपदेचा. रत्नांची उणीव कधीच नव्हती. अडले होते ते एका योग्य श्रोत्यावाचून.

येत्या फाल्गुनात अष्टाह्निकेला आमच्याकडे समवसरण विधान आहे. मी समितीपुढे लेखी सूचना ठेवली आहे: इंद्राची, कुबेराची बोली अवश्य व्हावी, कारण तो पूजेचा मान आहे, बैठक मात्र सर्वांना एकच सतरंजी, खुर्ची केवळ वृद्धांना व आजाऱ्यांना, आणि पास कोणालाच नाही. दोन विश्वस्तांचे म्हणणे, अशाने बोली निम्म्यावर येईल. त्यांची भीती अगदीच खोटी म्हणता येत नाही. मंडपवाल्याचे बिल नुसत्या भक्तीने फिटत नाही, हे मीही जाणतो. तिसरे एक सद्गृहस्थ हसून म्हणाले, “पास छापण्याची कल्पना तुमचीच होती ना?” होती. तसे मी इतिवृत्तात नोंदवूनही घेतले.

निर्णय पुढील बैठकीत व्हावयाचा आहे. दिवाणजींना मी अद्याप काही सांगितलेले नाही.