हप्ता परवडतो, कर्ज परवडते का?



‘भाडे भरण्यापेक्षा हप्ता बरा’ हे गेल्या अंकातील वाचकाचे मत अर्धेच खरे आहे. पत्रलेखकाने फक्त मासिक हप्ता पाहिला. साडेआठ टक्क्यांनी 20 वर्षांसाठी 50 लाख घेतले, तर हप्ता सुमारे 43,400 रुपये पडतो आणि एकूण फेड जाते 1 कोटी 4 लाखांवर. पहिल्या हप्त्यातले 35,400 रुपये नुसते व्याज! पाच वर्षांत 26 लाख भरूनही मुद्दल जेमतेम सहा लाखांनी उतरते.

मुदत 30 वर्षे केली की हप्ता पाचेक हजारांनी हलका होतो, पण व्याज 34 लाखांनी वाढते. 2022-23 मध्ये रेपो दर (रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना कर्ज देते तो) चारवरून साडेसहा टक्क्यांवर गेला आणि गृहकर्जाचे दर चढले, तेव्हा अनेकांची मुदत अशीच लांबली, आणि हप्ता तोच राहिल्याने कित्येकांच्या ते लक्षातही आले नाही. हे मला फार गंभीर वाटते.

ऑगस्ट 2023च्या रिझर्व्ह बँकेच्या निर्देशांनुसार दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत, हे निवडण्याचा हक्क कर्जदाराचा आहे. बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंडही नाही. वाचकांनी बँकेकडून परतफेडीचा तक्ता मागून घ्यावा आणि उरलेले हप्ते आजच मोजावेत.

– एक वाचक, ठाणे