वेळापत्रकातील तिथी

पोलादपूर तालुक्यातील उमरठ येथे नरवीर तानाजी मालुसरे यांची समाधी आहे. मुलाचे लग्न बाजूस ठेवून ते कोंढाण्यावर गेले, ही कथा सर्वश्रुत आहे. तो दिवस माघ वद्य नवमीचा, 4 फेब्रुवारी 1670. ही तिथी मात्र दर वर्षी निराळ्या तारखेस येते. महाविद्यालयीन स्पर्धा तारखेने ठरतात, पर्वे तिथीने. पेच पडतो तो येथेच.

अमेरिकेत हा पेच वाराचा आहे. ब्रिगहॅम यंग विद्यापीठाचा बास्केटबॉल संघ रविवारी खेळत नाही. म्हणून राष्ट्रीय स्पर्धेत त्याचे सामने गुरुवार-शनिवारच्या गटात ठेवतात. येशिवा या ज्यू विद्यापीठाचा मार्च 2020 मधील पहिला सामना शुक्रवारी दुपारी, शब्बाथपूर्वी झाला, तर दुसरा शनिवारी रात्री, शब्बाथ संपल्यावर. आपल्याकडे 2023 च्या विश्वचषकातील अहमदाबादचा भारत-पाकिस्तान सामना नवरात्रारंभामुळे 15 ऑक्टोबरवरून 14 वर आला. आधीच हॉटेले राखून ठेवलेल्यांची तारांबळ उडाली, ती वेगळीच.

मग संवत्सरीचा उपवास असलेल्या विद्यार्थ्याला मैदान की प्रतिक्रमण, असा प्रश्न का पडावा? अडचण घरचीही आहे. कोणाची संवत्सरी भाद्रपद शुद्ध चतुर्थीस, कोणाची पंचमीस. दिगंबरांचे दशलक्षण पर्व तर पंचमीस सुरू होते. आयोजकांनी कोणती तारीख धरावी? पंचांग आधीच हाती असते. पालकांनी आपली तारीख प्रवेशाच्या वेळीच क्रीडाशिक्षकांकडे लेखी द्यावी. भाग्यपत्रिका निघाल्यावर अर्ज केला आणि प्रतिस्पर्ध्यास पुढे चाल मिळाली, तर आयोजकांना दोष देता येत नाही.