देवदूतांचे पंख

नाताळ जवळ आला म्हणजे शाळेत गव्हाणीच्या प्रवेशाची तालीम सुरू होते, आणि तिच्याबरोबरच पालकांकडे चिठ्ठ्याही जाऊ लागतात. मेंढपाळास घोंगडी हवी, मागी लोकांस झगे हवेत, देवदूतांस पंख हवेत. घोंगडी घरात सापडते. झगा आईच्या जुन्या साडीचा होतो. पंख मात्र विकतच आणावे लागतात, असा समज अलीकडे दृढ झाला आहे. हा समज चुकीचा तर आहेच, परंतु शाळेच्या हेतूसही तो बाधक आहे, असे आमचे मत आहे.

या बाबतीत प्रथम आमचाच दोष कबूल केला पाहिजे. काही वर्षांपूर्वी अशीच एक चिठ्ठी आम्ही आपल्या हाताने लिहिली होती. दुसऱ्या दिवशी पाचवीतील एक मुलगी आमच्यापुढे येऊन म्हणाली, "सर, मला देवदूत नको, मेंढरू करा." आम्हांस तिच्या विनयाचे कौतुक वाटले व आम्ही तसे केले. त्या घराला पंखांची किंमत परवडण्याजोगी नव्हती, हे आम्हांस सण उलटून गेल्यावर कळले. त्या मेळ्यातील सर्वांत गोड गळा त्या संध्याकाळी मेंढरू होऊन मुकाट बसला होता, आणि त्यास तेथे बसविणारे आम्हीच होतो.

पवित्र शास्त्र उघडून पाहावे. यशयाच्या सहाव्या अध्यायातील सराफीमांना सहा-सहा पंख आहेत खरे. परंतु लूकच्या शुभवर्तमानात मेंढपाळांना दर्शन देणाऱ्या दूताच्या पंखांचा उल्लेखही नाही. अब्राहामाच्या तंबूपाशी आलेले पाहुणे तर साध्या पुरुषांच्याच रूपाने आले. ख्रिस्ती चित्रकलेतही पंखधारी देवदूत चौथ्या शतकाच्या अखेरीस व त्यापुढेच रूढ झाले. रोम येथील सांता मारिया मॅज्जोरे या मंदिरातील पाचव्या शतकाच्या जडावचित्रांत ते स्पष्ट दिसतात. तात्पर्य, नाताळच्या देवदूताचे पंख ही कलावंतांच्या हातांची देणगी आहे. मग ती आपल्या विद्यार्थ्यांच्या हातांनी का घडू नये?

त्यासाठी लागणारे साहित्य घरोघर असते. खोक्याचा जाड पुठ्ठा, रद्दी, मैद्याची खळ, जुने धोतर आणि टाकून दिलेल्या दप्तराचे पट्टे, एवढ्यावर काम भागते. पुठ्ठ्यावर एक पंख आखून कापावा व तोच ठेवून दुसरा आखावा. मात्र पिसे लावण्यापूर्वी एक पंख उलटा करून घ्यावा, नाहीतर दोन्ही पंख एकाच खांद्याचे होतात! पिसे कागदाची किंवा धोतराच्या कापडाची कापावी. ती खालच्या कडेपासून लावीत वर जावे, म्हणजे घरावरील कौलांप्रमाणे वरची ओळ खालच्या ओळीचा जोड झाकते. लांब पिसे टोकाकडे, आखूड पिसे खांद्याकडे; पक्ष्याच्या पंखाची ठेवणही अशीच असते. दोन्ही पंख मधल्या एका जाड पुठ्ठ्याला शिवून तो पाठीशी घट्ट बसवावा. भार पाठीपासून जितका दूर, तितका तो मुलास मागे ओढतो. तरफेचा हा नियम पुस्तकापेक्षा येथे लवकर समजतो. कागद व कापड चटकन पेटतात, म्हणून पंखधाऱ्याच्या हाती मेणबत्ती कदापि देऊ नये. थर्मोकोलचा मोहही नको; महाराष्ट्र सरकारने २०१८ साली सजावटीसाठी त्याच्या वापरास बंदी केली, ते योग्यच झाले.

कोणी म्हणतील की, यात अभ्यासाचा वेळ जातो आणि विकतचे पंख अधिक देखणे दिसतात. वेळ जातो, हे आम्हांस मान्य आहे. परंतु माप घेणे, समतोल राखणे व हाती घेतलेले काम तडीस नेणे हाही अभ्यासच नव्हे काय? देखणेपणाविषयी म्हणाल तर रंगभूमीपासून दहा हातांवर बसलेल्या प्रेक्षकास कापडाचे पीस व विकतचे पीस यांतील भेद फारसा दिसत नाही. परंतु ज्या मुलाजवळ पंखच नाहीत, त्यास आपल्यातला व इतरांतला भेद फार दुरूनही दिसतो.

म्हणून आमची सूचना अशी आहे की, यापुढे पंखांसाठी एकाही घरी चिठ्ठी जाऊ नये. सर्व पंख शाळेत व्हावेत, शाळेच्याच कपाटात राहावेत, आणि प्रत्येकाने आपल्या नव्हे तर आपल्या सोबत्याच्या पाठीचे पंख करावेत. आपल्या पाठीचे माप आपल्याला घेता येत नाही, व तेथील गाठही आपल्याला नीट बांधता येत नाही. त्यासाठी दुसऱ्याचे हात लागतातच. गळा कोणाचा चांगला, एवढेच पाहून देवदूत निवडावे. पाठीला पंख लावून देण्याचे काम आपण सर्वांनी मिळून करू.