जॅक स्मिथला ‘अर्धवट’ म्हणणाऱ्यांसाठी

न्यूयॉर्कच्या भूमिगत सिनेमातला हा अवलिया (१९३२–१९८९) दोन आरोपांचा धनी आहे. पहिला, ‘फ्लेमिंग क्रीचर्स’ (१९६३) नंतर त्याला एकही सिनेमा धड पुरा करता आला नाही. दुसरा, अश्लीलतेचा खटला झाला नसता तर त्याला कुत्रंही विचारलं नसतं.

दुसरा आरोप आधी निकालात काढू. मार्च १९६४मध्ये पोलिसांनी ‘फ्लेमिंग क्रीचर्स’ची प्रिंट जप्त केली. दाखवणारे योनास मेकास आणि केन जेकब्ज यांना शिक्षा झाली. १९६८मध्ये न्यायमूर्ती एब फोर्टास सरन्यायाधीश होऊ नयेत म्हणून, ते अश्लीलतेबाबत ढिले आहेत हे ठसवायला, सेनेटर स्ट्रॉम थर्मंड यांनी हाच सिनेमा खुद्द वॉशिंग्टनमध्ये दाखवला. गाजावाजा झाला, नाही असं नाही. पण स्मिथने केली होती कॉमेडी. खटल्याने लोकांचं हसूच पळवलं, म्हणून तो आयुष्यभर धुमसत राहिला आणि त्याने मेकास यांच्याशी उभा दावा मांडला. (हा मात्र निव्वळ कृतघ्नपणा. कोठडीत मेकास गेले होते, स्मिथ नव्हे.)

तंत्र येत नव्हतं म्हणून चित्र धुरकट, असंही म्हणतात. स्मिथ मुळात छायाचित्रकार होता. मुदत संपलेली फिल्म, जुन्या थिएटरची गच्ची, डोळे दिपवणारं ऊन आणि बायकी साजशृंगारातले पुरुष एवढ्या भांडवलावर त्याने अभिनेत्री मारिया माँटेझच्या हॉलिवूडपटांचा भपका उभा केला. तो धुरकटपणा ही त्याची निवड होती.

राहिला अपुरेपणा. इथे टीकाकारांचं मापच चुकतं. ‘नॉर्मल लव्ह’ हा त्याचा पुढचा सिनेमा तो खेळ चालू असतानाच कापायचा, जोडायचा, रिळांचा क्रम बदलायचा. रेकॉर्डही तिथल्या तिथे निवडून लावायचा. पुढे आपल्या राहत्या जागेतच त्याने प्रयोग लावले. ते मध्यरात्रीच्या सुमारास सुरू होत, तासन्‌तास रेंगाळत. प्रेक्षक कंटाळून उठून जात, हे खरंच आहे, आणि काही रात्री ते उठले यात त्यांची चूकही नसावी. पण वगातला सोंगाड्या रोज नवी बतावणी करतो म्हणून वग अपुरा राहिला, असं आपण म्हणतो का? स्मिथसाठी सिनेमा हा डब्यात बंद करून विकायचा माल नव्हताच. घरमालकांपासून कलासंस्थांपर्यंत, कलेवर मालकी सांगणाऱ्या प्रत्येकाशी त्याचं भांडण होतं.

त्याच्यापासून काय घेता येतं हे जाणकारांनी वेळीच ओळखलं. अँडी वॉरहॉल १९६३मध्ये ‘नॉर्मल लव्ह’च्या चित्रीकरणाला हजर होता, पुढे त्याने स्मिथला आपल्या ‘कॅम्प’ या सिनेमात उभं केलं. सिनेमातले जॉन वॉटर्स आणि रंगभूमीवरचे रिचर्ड फोरमन या दोघांनीही स्मिथचं ऋण मानलं.

एड्सने स्मिथ गेल्यावर रंगकर्मी पेनी आर्केड आणि सिनेसमीक्षक जे. होबरमन यांनी त्याचा पसारा वाचवला, जेरी टार्टाग्लिया यांनी फिल्म्स दुरुस्त केल्या. त्यामुळे आज ‘नॉर्मल लव्ह’ ठरावीक लांबीत, ठरावीक क्रमाने बघता येतो. ‘पूर्ण’ सिनेमाच हवा असणाऱ्यांनी तो खुशाल बघावा; फक्त तो स्मिथने पूर्ण केला, असं म्हणू नये.