विश्लेषण : कॉलेजमध्ये चोरून चित्रीकरण; व्हिडीओ सापडला नाही तरी गुन्हा ठरतो का?

उल्हासनगर : ऑगस्ट २०२४ मधील बदलापूरच्या शाळेतील अत्याचार प्रकरणानंतर राज्य सरकारने शाळांना सीसीटीव्ही बंधनकारक केले. पण सीसीटीव्ही सगळ्यांना दिसतो. स्वच्छतागृहाच्या फटीतून रोखलेला मोबाइल दिसत नाही. असे घडले तर काय करायचे?

पवईत काय घडले होते?

सप्टेंबर २०२२ मध्ये आयआयटी मुंबईच्या वसतिगृह क्रमांक १० मध्ये स्वच्छतागृहाच्या खिडकीतून डोकावल्याच्या आरोपावरून कँटीन कर्मचाऱ्याला अटक झाली. विद्यार्थिनीने तत्काळ तक्रार केली होती. त्यानंतर संस्थेने पाइपच्या डक्टमधून वर चढण्याची वाट बंद केली. ही वाट आधीच बंद करता आली असती, हा यातला धडा.

कायदा काय सांगतो?

भारतीय न्याय संहितेच्या कलम ७७ नुसार स्त्रीला खासगी क्षणी चोरून पाहणे हाही गुन्हा आहे. त्यामुळे मोबाइलमध्ये क्लिप सापडली नाही म्हणून प्रकरण संपत नाही. पहिल्यांदा दोषी ठरल्यास १ ते ३ वर्षे, पुन्हा ठरल्यास ३ ते ७ वर्षे कैद. संमतीने काढलेला असा व्हिडीओ परवानगीशिवाय पसरवला, तरी हेच कलम लागते. पीडित मुलगा असेल तर? माहिती तंत्रज्ञान कायद्याचे कलम ६६ई स्त्री-पुरुष असा भेद करत नाही.

अकरावी-बारावीचे काय?

१८ वर्षांखालील मुला-मुलींना पॉक्सो लागू होतो. गुन्ह्याची माहिती असूनही पोलिसांना न कळवणे हाही त्यात गुन्हा आहे. त्यामुळे 'कॉलेजची बदनामी नको' म्हणून प्रकरण दाबणारे स्वतःच अडचणीत येतात.

तक्रार कुठे?

कॅम्प १ मधील मुलगी मुंबईत शिकत असली, तरी घराजवळच्या पोलीस ठाण्यात 'झिरो एफआयआर' देऊ शकते. कलम ७७ ची तक्रार पीडितेकडून महिला अधिकाऱ्यानेच नोंदवायची असते. राष्ट्रीय सायबर गुन्हे पोर्टलवरही तक्रार करता येते. क्लिप ऑनलाइन दिसल्यास लिंक, खाते आणि वेळ टिपून ठेवा. 'पुरावा' म्हणून ग्रुपवर फॉरवर्ड करू नका. आरोपी कॉलेजमधलाच असेल, तर यूजीसीच्या २०१५ च्या नियमांनुसार अंतर्गत समितीकडेही दाद मागता येते. त्या समितीवर कोण आहे, हे प्रवेश घेतानाच विचारून ठेवा.