कातडीचा ताळेबंद

मी सौंदर्यशास्त्रातला अधिकारी नाही. तसा बँकेतही अधिकारी नाही. बी. कॉम. झालो, कारकून म्हणून चिकटलो आणि अजून तसाच चिकटलेला आहे. त्यामुळे मी त्वचेच्या क्रीमवर लिहायला बसलोय हे कळल्यावर आमच्या सौभाग्यवतींनी "आधी आरशात बघा, मग लिहा" एवढाच शेरा मारला. पण विषय क्रीमचा नाहीच मुळी. विषय हिशेबाचा आहे; आणि वर्षानुवर्षं कुणी खोटी नोंद मारत असेल, तर कारकुनाच्या पोटात दुखायलाच पाहिजे.

झालंय काय, की अमेरिकेत काळ्या, सावळ्या, गव्हाळ माणसांच्या त्वचेसाठी क्रीमं आणि लेप काढणाऱ्या उद्योजक बायकांचं अलीकडे बरंच कौतुक होतं. त्यांच्या मालाला 'इन्क्लुझिव्ह' म्हणतात. आपल्या मराठीत सर्वसमावेशक. हे कौतुक आमच्या शाखेतल्या हेडकॅशियरना मानवत नाही. ते म्हणतात, "अहो, क्रीम ते क्रीम! नोटेला जात नसते, तशी क्रीमला नसते. काळ्यांचं वेगळं, गोऱ्यांचं वेगळं, हा बाटलीत भरलेला जातिभेदच की!"

वाक्य टाळीचं आहे. फक्त त्यात एक नोंद राहून गेली. गोऱ्यांचं वेगळं आधीपासून होतंच. त्यावर 'गोऱ्यांचं' असं लिहिलेलं नव्हतं, इतकंच. त्यावर लिहिलेलं असायचं 'कातडीच्या रंगाचं'. कुणाच्या कातडीच्या, हे विचारायची सोय नव्हती.

पुरावे देतो. अमेरिकेतल्या क्रेयोला कंपनीच्या रंगखडूंच्या पेटीत एक फिक्कट गुलाबी खडू असे. त्याचं नाव 'फ्लेश', म्हणजे अंगाचा रंग. १९६२ साली त्याचं नाव बदलून 'पीच' केलं. तोवर काळ्या पोरांनी स्वतःचं चित्र कुठल्या अंगाच्या रंगाने काढलं असेल? बँडएडची पट्टी १९२१ साली बाजारात आली. तीही त्याच 'अंगाच्या' रंगाची. सावळ्या कोपरावर ती लावली की जखम झाकली जायची आणि पट्टी गल्लीच्या टोकावरून दिसायची. तपकिरी आणि काळ्या छटांच्या पट्ट्यांची मालिका काढत असल्याचं कंपनीने जाहीर केलं ते २०२० साली.

शास्त्रज्ञसुद्धा यात मागे नाहीत. फिट्झपॅट्रिक नावाच्या अमेरिकन त्वचातज्ज्ञाने १९७५ साली उन्हाला त्वचा कशी वागते यावरून तिचे प्रकार पाडले. सुरुवातीला चार, आणि चारही गोऱ्या त्वचेचे. तपकिरी तो पाचवा आणि काळा तो सहावा, ही दोन खाती मागाहून उघडली. म्हणजे जगातली निम्म्याहून अधिक जनता इतके दिवस उचंत खात्यात पडून होती!

पण सगळ्यावर कडी केली ती फोटोच्या फिल्मने. रंग बरोबर जुळलेत की नाही हे पाहायला कोडॅक कंपनी प्रयोगशाळांना एक नमुन्याचं कार्ड पाठवत असे. कार्डावर एक गोरी बाई. त्याला 'शर्ली कार्ड' म्हणत. शर्लीबाई चांगल्या दिसल्या की फिल्म पास. काळी माणसं त्या फिल्मवर डोळे आणि दात एवढीच उरायची. मग फिल्म सुधारली कशी? कॅनडातल्या लोर्ना रॉथ या अभ्यासक बाईंनी ते लिहून ठेवलंय. तगादा लावला तो लाकडी फर्निचरवाल्यांनी आणि चॉकलेटवाल्यांनी! लाकडालाकडांतला फरक फोटोत कळत नाही, अशी त्यांची तक्रार. म्हणजे माणसांच्या आधी कपाटांना न्याय मिळाला. मला यात अविश्वसनीय असं काही वाटत नाही. केवायसीच्या कागदांवर सावळ्या खातेदारांच्या फोटोची झेरॉक्स मी रोज पाहतो. ती नुसती अमावास्या असते. खाली सही करून 'मूळ प्रतीशी पडताळून पाहिलं' असा शिक्का मात्र मी मारतो.

फर्निचरवरून आठवलं. १९४२ साली शिकागोतल्या जॉन जॉन्सन या काळ्या तरुणाने मासिक काढायला ५०० डॉलर कर्ज घेतलं. तारण काय, तर आईचं फर्निचर! असा अर्ज आमच्या कर्ज विभागात आला असता, तर साहेबांनी चष्मा काढून दोनदा पुसला असता. पण त्या खुर्च्या-टेबलांवर धंदा उभा राहिला. १९४५ साली 'एबनी' मासिक निघालं. १९५८ पासून 'एबनी फॅशन फेअर' हा पोशाखांचा कार्यक्रम गावोगाव फिरू लागला आणि जॉन्सन यांच्या पत्नी यूनिस यांनी तो पुढे वर्षानुवर्षं चालवला.

तिथे यूनिसबाईंनी पाहिलं, की रंगपटात मॉडेल मुली दोन-तीन बाटल्यांतला लेप तळहातावर घोटून आपल्या रंगाचा लेप बनवताहेत. बाजारात तयार मिळतच नव्हता. जॉन्सन नवराबायको मोठमोठ्या प्रसाधन कंपन्यांकडे गेली. म्हणाली, या मुलींच्या रंगाचं काढा. कंपन्यांनी नकार दिला. तेव्हा १९७३ साली त्यांनी 'फॅशन फेअर कॉस्मेटिक्स' ही स्वतःचीच कंपनी काढली. माल खपला. मग मोठ्या कंपन्यांनाही हा रंग अचानक दिसू लागला. विक्रीचे आकडे दिसले की नजर कशी साफ होते, हे बँकेत वेगळं सांगावं लागत नाही.

यात देवपण काही नाही. धंदा होता, चढला आणि उतरलाही. २०१९ साली जॉन्सन यांच्या प्रकाशन कंपनीने दिवाळं काढलं. पण त्याच साली तिथेच पूर्वी वरच्या पदांवर काम केलेल्या दोन काळ्या बायकांनी हा प्रसाधनांचा ब्रँड विकत घेतला आणि २०२१ साली पुन्हा बाजारात आणला. दरम्यान २०१७ साली गायिका रिहानाने आपल्या फेंटी ब्यूटीचं फाउंडेशन पहिल्याच दिवशी ४० छटांत आणलं होतं. गडद छटांना गिऱ्हाईक नाही, हे वाक्य तिथे कायमचं बुडीत खाती गेलं.

"ठीक आहे," हेडकॅशियर म्हणतात, "रंगरंगोटीला छटा लागत असतील. पण त्वचेला कशाला वेगळं?" याचं उत्तर मात्र आपल्याच एका मुलीने दिलंय. टेक्ससमध्ये वाढलेली भारतीय वंशाची दीपिका मुत्याला. तिने २०१५ साली एका व्हिडिओत डोळ्यांखालच्या काळ्या वर्तुळांना आधी चक्क लाल लिपस्टिक फासली आणि त्यावर नेहमीचा लेप लावला. वर्तुळं गायब! लक्षावधी लोकांनी तो व्हिडिओ पाहिला. यात जादू नाही. सावळ्या चेहऱ्यावर ती वर्तुळं निळसर दिसतात. त्यावर नुसता फिक्कट लेप थापला तर राख फासल्यासारखं होतं. लाल रंग निळेपणा मारतो. आपल्या आया पांढऱ्या कपड्यांचा पिवळेपणा मारायला नीळ घालत, तोच हिशेब. २०१८ साली दीपिकाबाईंनी 'लाइव्ह टिंटेड' सुरू केलं आणि नंतर त्यातून प्रसाधनं आणली.

उन्हाचं क्रीम घ्या. त्यात बऱ्याचदा झिंक ऑक्साइड किंवा टायटॅनियम डायऑक्साइड असतं. दोन्ही पांढरीफेक. गोऱ्या माणसाला ते कळतही नाही. सावळ्या माणसाने लावलं की तो नुकताच पिठाच्या गिरणीतून आल्यासारखा दिसतो. त्यात लोहाचे ऑक्साइड, म्हणजे आपल्या गेरूचेच भाऊबंद, मिसळले की पांढरेपणा जातो. शिवाय उजेडाने सावळ्या त्वचेवरचे डाग गडद होतात, त्यालाही आळा बसतो. आणि डाग हा आमच्या त्वचेचा खरा प्रश्न आहे. मुरूम चार दिवसांत बरा होतो, त्याची काळी खूण चार-चार महिने मुक्काम ठोकते. त्यावर औषध शोधणं म्हणजे जातिभेद नव्हे. आपल्या पायाच्या मापाची चप्पल मागण्यासारखंच आहे ते.

आता घरचा ताळेबंद. तिकडे फिट्झपॅट्रिकसाहेब खाती पाडत होते त्याच १९७५ साली इकडे 'फेअर अँड लव्हली' बाजारात आली. पुढे क्रीमच्या वेष्टणाबरोबर रंगांची एक पट्टी मिळायची. गडद चेहऱ्यापासून गोऱ्या चेहऱ्यापर्यंत. आज कुठे आहात ते बघा, महिन्याने कुठे पोचलात ते बघा. पासबुकच म्हणा ना!

रंगांच्या पट्ट्या दोन्हीकडे आहेत, आणि माझं सगळं भांडण या दोन पट्ट्यांतल्या फरकावर आहे. फेंटीच्या ४० छटा म्हणजे फडताळ. तुमचा डबा उचला आणि घरी जा. गोरेपणाची पट्टी म्हणजे शिडी. तुम्ही कायम खालच्या पायरीवर. पहिला धंदा म्हणतो, बाटली चुकली, बदलून देतो. दुसरा म्हणतो, तुम्ही चुकलात, बदलून घ्या. दोघेही नफाच कमावतात आणि मी कॉमर्सचा पदवीधर, नफ्याला माझी हरकत नाही. पण दुसरा धंदा म्हणजे असं कर्जखातं आहे, की त्यात हप्ते भरत राहायचे आणि मुद्दल फिटायचंच नाही. कारण मुद्दल म्हणजे तुमचा जन्म.

आणि या कर्जाचं व्याज चेहऱ्यावर चढतं. गोरं व्हायच्या नादात दुकानातून स्टेरॉइडची मलमं आणून महिनोन्‌महिने चोपडायची, मग कातडी पातळ होते, लाल पडते, नको तिथे लव उगवते. शेवटी २०१८ साली सरकारला अशा अनेक मलमांना डॉक्टरच्या चिठ्ठीची सक्ती करावी लागली.

२०२० साली नावातला 'फेअर' गेला आणि 'ग्लो' आला. पुरुषांच्या क्रीमच्या नावातला 'हँडसम' कुणाचा यावरून दोन कंपन्या कोर्टात गेल्या. काळ्यासावळ्यांची माफी मागायला मात्र कुणी कोर्टाची पायरी चढल्याचं ऐकिवात नाही. खात्याचं नाव बदलून बाकी बदलत नाही, हे मी काउंटरवर दिवसातून दहा वेळा सांगतो. इथे एकदा सांगतो.

'सर्वसमावेशक' या शब्दावरही माझा आक्षेप आहे, पण हेडकॅशियरांच्या उलट बाजूने. समावेश म्हणजे यजमानाने म्हणायचं, "या, तुम्हालाही पंगतीत घेतलं." अहो, पण जगात सावळीच माणसं जास्त! यजमान कोण आणि आगंतुक कोण, हे एकदा मोजून तरी बघा. यूनिसबाईंनी कुणाच्या पंगतीत पाट मागितला नाही; एकदा विचारलं, नाही म्हणाले, तेव्हा स्वतःची चूल मांडली. कौतुक करायचं तर त्याचं करावं.

आपल्याकडे अशी चूल मांडणारी एखादी निघाली, तर तिचा अर्ज मी स्वतः साहेबांच्या टेबलावर नेऊन ठेवीन. तारणाला आईचं फर्निचर असलं तरी. मात्र तिची खरी स्पर्धा कुठल्या कंपनीशी नाही. लग्न जुळवताना आपण म्हणतो ना, "मुलगी सावळी आहे, पण नाकीडोळी नीटस आहे", त्यातल्या 'पण'शी आहे. सगळा गोरेपणाचा धंदा त्या दोन अक्षरांच्या भांडवलावर उभा आहे, आणि ते भांडवल कंपन्यांनी घातलेलं नाही. ते आपण घराघरांतून फुकट पुरवलंय. कंपन्यांचं काय करायचं ते कोर्टं आणि सरकार बघतील. हा 'पण' तेवढा आपला आपल्याला खोडता येतो. त्याला व्हाउचर लागत नाही, वरिष्ठांची सहीही लागत नाही.